साखर नसलेलं रक्त

सकाळी सव्वानऊला, टेक चालू असताना, लिगाया मायुगानं वाळूवर पालथं पडलेलं एक प्रेत उलटं केलं, आणि ते प्रेत ओठ न हलवता तिला म्हणालं, "मला इथून घेऊन चला."

हे मला नंतर कळलं. त्या क्षणी मी कॅमेऱ्याच्या मागं ताडपत्रीच्या सावलीत उभा होतो. लिगायाचे हात थरथरले, एवढंच मला दिसलं. सिनेमात ती आई होती. जपानी सैनिकांनी गाव कापून काढल्यावर किनाऱ्यावरच्या प्रेतांत आपला मुलगा शोधणारी. एकेक प्रेत उलटं करायचं, चेहरा बघायचा, पुढं जायचं आणि शेवटच्या प्रेतापाशी किंकाळी फोडायची, असं ठरलं होतं. या प्रेतापाशी ती ठरल्यापेक्षा जास्त वेळ थांबली. त्या मुलीच्या गालावरची वाळू तिनं बाहीनं पुसली, तिला पुन्हा हलकेच पालथं केलं आणि पुढं सरकली. किंकाळी जिथं फोडायची तिथंच फोडली.

दिग्दर्शक टाळ्या वाजवत आला. असं थरथरणं मागून मिळत नाही, म्हणाला. लिगाया त्याच्याकडे बघून हसली आणि तिनं पाणी मागितलं.

साल १९७६, महिना एप्रिल. फिलिपाइन्समध्ये मार्शल लॉ लागून चौथं वर्ष चालू होतं. मी एका भारतीय वृत्तसंस्थेचा मनिलातला वार्ताहर होतो. काय पाठवायचं नाही हे सगळ्यांना तोंडपाठ होतं, त्यामुळं मी वादळं, तांदळाचे भाव आणि सौंदर्यस्पर्धा पाठवायचो. पुण्याच्या एका रविवार पुरवणीच्या संपादकांना तिथल्या सिनेमावर लेख हवा होता. नट्यांवर सगळेच लिहितात, म्हणून मी लिगाया निवडली.

पोस्टरवर ती कधीच नव्हती. वीस वर्षं ती सिनेमात कुणाची तरी कुणीतरी होती: नन, धोबीण, कुंटणखान्याची मालकीण, न्यायाधीशाची बायको, दुधातून विष घालणारी मावशी. रस्त्यात लोक तिला बघून थबकायचे. चेहरा ओळखीचा, नाव आठवत नाही. एकदा बाजारात एका म्हातारीनं तिला आपली हरवलेली नणंद समजून मिठी मारली होती. लिगायानं तिला समजावत बसण्याऐवजी अर्धा तास नणंदेचं काम केलं आणि मग बस पकडली, असं तिनंच मला सांगितलं.

अशा नटांची काम करायची एक रीत तिथं होती. तिला ते 'लागारे' म्हणत, म्हणजे करवत चालवणं. एकाच दिवशी दोन-तीन सिनेमे. सकाळी बातांगासच्या किनाऱ्यावर जपानी काळातली आई, दुपारी मनिलाच्या स्टुडिओत विनोदी मावशी. मधला रस्ता गाडीत, आणि वेश बदलणंही गाडीतच. तिच्या गाडीच्या डिकीत ननचा पांढरा झगा, टोप, चष्मे, खोटे दागिने असं अर्धं गाव भरलेलं असायचं. हे जवळून बघावं म्हणून मी तिच्याबरोबर फिरत होतो. तिकडं ताईला 'आते' म्हणतात. मी तिला आते म्हणायचो. ती मला बुंबाय म्हणायची. तिकडं कुठलाही भारतीय बुंबायच. मी साताऱ्याचा, हे मी तिला दोनदा सांगून पाहिलं होतं.

शॉट संपला तशी प्रेतं उठून भात खायला गेली. एक उठलं नाही. लिगाया छत्री घेऊन तिकडं गेली, बसली, आणि थोड्या वेळानं त्या मुलीच्या कमरेला हात घालून तिला गाडीकडे घेऊन आली. बघणाऱ्याला वाटावं, उन्हानं चक्कर आलेल्या एक्स्ट्राला बाई सांभाळतेय.

मुलगी एकोणीस-वीस वर्षांची असेल. किनाऱ्यावरच्या एक्स्ट्रा सगळ्या कोळणी होत्या, टाचा फुटलेल्या. हिचे पाय मऊ होते. गाडीची दारं लागल्यावर ती तुटक तुटक बोलली. आदल्या संध्याकाळी साखर कारखान्याच्या फाटकापाशी सैनिकांनी संपकऱ्यांवर गोळ्या झाडल्या होत्या. ती कॉलेजमधून त्यांना भेटायला आलेली. दंडातून गोळी मांस फाडून गेली. किनाऱ्याकिनाऱ्यानं ती अंधारात चालत राहिली आणि फटफटताना तिला दिसलं, की माणसं रांगेत उभी आहेत आणि कुणीतरी त्यांना रक्त फासतोय. ती रांगेत उभी राहिली. रंगभूषेच्या माणसानं तिचा दंड बघितला, हे काम कुणी केलंय, छान जमलंय, असं विचारलं आणि कडा जरा फिक्या वाटल्या म्हणून ब्रशनं आणखी रक्त लावलं. वर एक पट्टीही बांधली.

लिगायाचा ड्रायव्हर दोरो हे ऐकून खिडकीबाहेर थुंकला आणि गाडी सुरू करायची का, म्हणून आरशात बघत राहिला. मला दार उघडून उतरावंसं वाटत होतं. माझा हात कडीवर होता. मी लिगायाला विचारलं, तुम्ही हिला ओळखता का. नाही म्हणाली.

"मग?"

"मी तिला उलटं केलं ना," ती म्हणाली. "दुसरीनं केलं असतं तर काय करायचं ते त्या दुसरीनं ठरवलं असतं."

मी उतरलो नाही. कडीवरचा हात कधी काढला, ते आठवत नाही.

लिगायाची सवय अशी, की गाडीत बसल्याबरोबर आधी चेहरा पुसायचा. त्या दिवशी तिनं पुसला नाही. उलट रंगभूषेच्या माणसाकडून रक्ताचा डबा मागून घेतला. साखरेचा घट्ट पाक, लाल रंग आणि चिमूटभर कोको; कोको नसेल तर पडद्यावर ते सरबत दिसतं. तिनं आधी दोरोच्या कपाळावर जखम काढली, मग माझ्या मानेवर. कॉलरवर ओघळ सोडला. आज या रस्त्यावर स्वच्छ चेहऱ्याचा माणूस तेवढा तपासतील, ती म्हणाली. आपण सगळे मेलेले असलो तर मोजायचं कुणाला, हे त्यांना सुधरणार नाही.

मग तिनं मुलीला पाठ दिला. नाव इसिंग. दुसऱ्या रांगेत पडायचं. उद्याही बोलावलंय. आणि शेवटचं तिनं तिच्या हनुवटीला धरून सांगितलं:

"दुखलं तर हसायचं. एक्स्ट्रा पोरींना कुणी हात लावला की त्या हसतात. ओरडत नाहीत."

मुलीनं मान हलवली. तिचे ओठ पांढरे पडले होते. लिगायानं त्यांवर बोटानं रंग लावला.

उकाड्यानं खिडक्या उघड्या ठेवाव्या लागल्या आणि माशा आत आल्या. दोरो आणि मी पाकानं माखलेलो. माशा आम्हालाच चिकटल्या. मुलीच्या दंडावरही बसत होत्या, पण उडून परत आमच्याकडे येत होत्या. हे लिगायाच्या लक्षात आलं. तिनं डब्यात बोट बुडवून मुलीच्या पट्टीवर आणखी पाक फासला. पण आतून येणारं रक्त तो पाक धुऊन टाकत होतं.

पुलाच्या अलीकडे नाका लागला. आडवा बांबू, वाळूची पोती, पाच-सहा जवान. एक बस रिकामी करून माणसं रस्त्याच्या कडेला हात डोक्यावर घेऊन बसवली होती. एकेकाच्या बाह्या वर करून बघत होते. म्हणजे काय शोधायचं, ते त्यांना ठाऊक होतं. दोरो पुटपुटत प्रार्थना म्हणायला लागला. लिगायानं मागून त्याच्या खांद्यावर टपली मारली आणि म्हणाली, गाणं म्हण. दोरोला गाणं आठवेना. मग तिनंच खिडकीतून डोकं बाहेर काढलं आणि समोर येणाऱ्या सार्जंटला, तो काही बोलायच्या आत, उशीर होतोय म्हणून झापायला सुरुवात केली.

सार्जंट पंचविशीचा, हडकुळा. छातीवरच्या पट्टीवर नाव होतं मागसिनो. त्यानं बंदूक खांद्यावर टाकली, तिच्याकडे निरखून बघितलं, आणि त्याचा चेहराच बदलला.

"तुम्ही त्या मावशी. दुधात विष घालणाऱ्या."

"घातलं, पण त्यानं मेलं कोण? शेवटी मीच."

दोन जवान हसत जवळ आले. आमचे चेहरे बघून त्यातल्या एकानं शीळ घातली. लिगायानं मग सिनेमाचं सगळं पुराण लावलं: जपानी, किनारा, प्रेतं, दुपारचा दुसरा सिनेमा, तिथला खडूस निर्माता. माझ्याकडे वळून जवानांनी विचारलं, या बुंबायला का मारलं. तिकडं आपले लोक मोटरसायकलवरून छत्र्या आणि मच्छरदाण्या हप्त्यांवर विकतात. लिगाया म्हणाली, जपान्यांनी छत्री घेतली आणि हप्ता मागायला गेल्यावर गोळी घातली. ते इतके हसले, की रस्त्याच्या कडेला बसलेल्यांतही एक जण चुकून हसला. त्याच्या पाठीत बंदुकीचा दस्ता बसला आणि हसणं थांबलं.

मागसिनोनं डिकी उघडायला लावली. ननचा झगा काढून हातावर धरला. हा कुणाचा, म्हणाला. दुपारी मी नन आहे, लिगाया म्हणाली. ते खोटं होतं, हे मला माहीत होतं. दुपारी ती विनोदी मावशी होती. त्यानं झगा घडी मोडू न देता परत ठेवला.

मग तो माझ्या बाजूच्या खिडकीशी आला आणि रक्त कशाचं करतात, असं त्यानं खऱ्या कुतूहलानं विचारलं. पाक, लिगाया म्हणाली. त्यानं माझ्या कॉलरवर बोट फिरवलं, चाटलं, आणि लहान मुलासारखा हसला. गोड आहे, म्हणून त्यानं बाकीच्यांना सांगितलं. पुढं वाकून दोरोच्या कपाळाचं चाखलं. कोको आहे का, विचारलं. त्याला कळलं याचा त्याला आनंद झाला होता. लिगायानं आपला गाल पुढं केला. "मावशीचं पण बघ," म्हणाली. जवान खिदळले. तो लाजला. त्यानं तिच्या गालाला हात लावला नाही. माझ्यापलीकडे हात घालून त्यानं मुलीच्या दंडावरची पट्टी अंगठ्यानं सरकवली आणि बोट आत दाबलं.

मुलगी हसली.

मी पुढं पुष्कळ गोष्टी बघितल्या, वार्ताहराला बघाव्याच लागतात. पण कानात राहिलं ते हसणं. ते बारीक, गुदगुल्या झाल्यासारखं होतं आणि थांबायला हवं तिथं थांबलं नाही. तिची नखं माझ्या मांडीत रुतली होती. मी समोर दोरोच्या मानेकडे बघत होतो.

मागसिनोनं बोट तोंडात घातलं. हसरा चेहरा तसाच राहिला, फक्त आतून कुणीतरी निघून गेल्यासारखा. त्यानं बोट बाहेर काढलं, पँटला पुसलं. बाकीचे जवान बसकडे वळले होते. तो लिगायाकडे बघत होता.

"यात साखर नाही," तो हळू म्हणाला.

"ती एक्स्ट्रा आहे, सार्जंट," लिगाया म्हणाली. "एक्स्ट्राला साखर कोण देतं?"

एक माशी त्याच्या ओठावर बसली आणि त्यानं ती उडवली नाही. मग त्यानं विचारलं, उद्याही याच रस्त्यानं येणार का.

"उद्याही."

"मग भेटूच, आते," तो म्हणाला, आणि त्यानं बांबू वर करायची खूण केली.

पूल मागं पडला. मुलगी तशीच बारीक बारीक हसत होती. लिगायानं तिचं डोकं आपल्या पोटाशी दाबून धरलं, तेव्हा ते थांबलं. मनिलात शिरायच्या आधी एका आडबाजूला गाडी थांबवून तिनं पट्टी बदलली आणि डिकीतला ननचा झगा मुलीला चढवला. गर्दीत ननला वाट मिळते. एका चर्चजवळच्या बाजारात ती उतरली. नाव सांगायला तिनं तोंड उघडलं, तर लिगायानं तिच्या तोंडावर हात ठेवला. पांढरा झगा भाजीवाल्यांच्या गर्दीत शिरला आणि दिसेनासा झाला.

दुपारी स्टुडिओत लिगायानं विनोदी मावशी केली. सेटवरचे दिवेवाले पोट धरून हसले. मधल्या सुट्टीत तिनं दोन ताटल्या शेवया खाल्ल्या आणि तिसरी मागवली. भीती वाटली की मला भूक लागते, म्हणाली. उद्या जाणार का, असं मी विचारलं. किनाऱ्यावरचं काम अजून उरलं होतं. न गेलो, तर त्याच्या मनात जे आहे ते खरं ठरेल, ती म्हणाली. म्हणून दुसऱ्या दिवशी आम्ही तिघं पुन्हा त्याच रस्त्यानं निघालो. मी का गेलो, तर तिघांतला एक कमी दिसू नये म्हणून.

मागसिनो नाक्यावर होता. खिडकीशी वाकून त्यानं एकेक चेहरा बघितला आणि मग माझ्या शेजारची रिकामी जागा. आज एक्स्ट्रा नाही, म्हणाला. तिचं काम संपलं, लिगाया म्हणाली. त्यानं मान डोलावली. बांबू वर गेला. किनाऱ्यावरचं काम संपेपर्यंत हेच. तो काही विचारत नव्हता, आणि त्यामुळं रोज पुलाच्या अलीकडे दोरोचे हात स्टिअरिंगवर घसरायचे.

त्याच आठवड्यात सरकारी वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर दोन ओळी आल्या. मनिलातल्या एका बाजारात ननच्या वेशातल्या तरुणीला पकडण्यात आलं. नाव नाही, बाजाराचं नाव नाही. मी ते पान लिगायाला दाखवलं. तिनं ते दोनदा वाचलं आणि झग्याची गोष्ट कुणाकुणाला माहीत होती, हे बोटांवर मोजलं. ती, मी, दोरो. चौथं बोट तिनं उघडलं, डिकीतला झगा हातावर धरणाऱ्याचं, आणि तसंच धरून बसली. मी सरकारी माहिती कार्यालयात जाऊन जेवढं विचारता येईल तेवढं विचारलं. तिथल्या माणसानं मला कॉफी दिली आणि अशी बातमी आलेलीच नाही, असं सांगितलं. पान माझ्या खिशात होतं. मी कॉफी पिऊन आलो.

थोड्या दिवसांनी मागसिनो स्टुडिओत आला. साध्या कपड्यांत, इस्त्रीचा शर्ट, केसांना तेल. मी तिथं होतो. तो लिगायासमोर टोपी हातात धरून उभा राहिला आणि म्हणाला, आते, मला सिनेमात काम हवंय. बोलायचं नको. मागं उभं राहायचं.

त्यानं धमकी दिली नाही. नाक्याचं नाव काढलं नाही. लिगायानं त्याच दुपारी त्याला एका पार्टीच्या दृश्यात ट्रे घेऊन उभा केला.

माझा तिच्यावरचा लेख पुण्यात छापून आला. त्यात भूमिकांची यादी होती, लागारेची गंमत होती, बाजारातली नणंद होती. पुढच्या वर्षी माझी दिल्लीला बदली झाली. मनिलाहून येणाऱ्या कुणाकडून तिच्या सिनेमाची कॅसेट मिळाली, की मी बघायचो. ती कधी दाई असायची, कधी मुख्याध्यापिका. आणि तिच्या मागं कुठंतरी तो असायचा. पहारेकरी, माळी, शवपेटी उचलणारा. प्रत्येक सिनेमात.

हुकूमशहाची राजवट पडल्यानंतर दोन वर्षांनी मी एका परिषदेसाठी मनिलाला गेलो. लिगाया तेव्हा आज्या करत होती. दोरो वारला होता. तिला हॉटेलवर घेऊन आलेली गाडी खाली उभी होती, आणि खिडकीतून मला ड्रायव्हर दिसला. थोडा सुटलेला, पण तोच. मी तिला म्हटलं, आता तर भ्यायचं कारण नाही. नाके उठले, फायली उघडल्या, लोक साक्षी देताहेत. त्याला कधी विचारलंत का?

ती चमच्यानं कॉफी ढवळत राहिली.

"काय विचारू? तिला सोडलंस, की आम्हाला सोडून तिला पकडून दिलंस? पहिलं उत्तर आलं तर मी रोज त्याच्या नावानं मेणबत्ती लावीन. आणि दुसरं आलं तर, बुंबाय? घरी तर मला त्याच्याच गाडीतून जायचंय."

मी म्हटलं, काढून टाका त्याला. ती म्हणाली, इतकी वर्षं मी त्याला काम देतेय ते भीतीनं की उपकार म्हणून, हे मलाच सांगता येत नाही. काढून कशावरून टाकू? आणि तो कधी एक पेसो जास्त मागत नाही. माझ्या औषधांच्या वेळा त्याला पाठ आहेत. हे सांगताना तिनं खिडकीकडे पाठ केली होती. निघताना तिनं जिन्यात माझा हात घट्ट धरला आणि खाली पोचायच्या आधी सोडला. मागसिनोनं दार उघडलं, मला ओळखलं आणि अदबीनं मान लववली.

गेल्या जानेवारीत मनिलाच्या एका जुन्या सहकाऱ्याकडून कळलं, की लिगायाला पक्षाघात झालाय आणि ती गावच्या घरी आहे, भाची येऊन-जाऊन बघते. मी नंबर मिळवून फोन लावला. फोन पुरुषानं उचलला. मी कोण, ते सांगायच्या आधीच तो म्हणाला, आते झोपल्यात. मी त्यांच्या भाचीला बोलवा म्हटलं. भाची आता येत नाही, म्हणाला. डॉक्टर? डॉक्टर मीच आणतो. त्यांना बोलता येतं का? नाही, पण डोळ्यांनी सांगतात, मला कळतं.

मी माझं नाव सांगितलं. हो, आठवतं, म्हणाला. इतक्या लांबून, इतक्या वर्षांनी माझ्या तोंडून तो प्रश्न निघून गेला. त्या मुलीचं पुढं काय झालं?

लाइनवर खरखर होती. मागं कुठंतरी रेडिओ चालू होता, आणि त्याच्याही मागं आणखी एक आवाज होता. तो माणसाचा होता की नाही, मला ठरवता आलं नाही.

"तुमचा फोन आला होता, हे त्यांना सांगतो," तो म्हणाला, आणि त्यानं फोन ठेवला.

त्यानंतर मी दोनदा फोन केला. दोन्ही वेळा त्यानंच उचलला, आणि दोन्ही वेळा आते झोपलेल्या होत्या.